वसंत देसाई : गीतांपलीकडील संगीत

चित्रपटसंगीताची आपल्याकडील मीमांसा बहुधा गीतांचीच मीमांसा असते. गीताचा राग कोणता, गायिका कोण, एवढे सांगितले की समीक्षकाचे कर्तव्य संपते. वसंत देसाई (१९१२–१९७५) यांच्या बाबतीत ही पद्धत विशेष अपुरी ठरते. कारण त्यांच्या कर्तृत्वाचा मोठा भाग गीतांच्या बाहेर आहे.

कुडाळ परिसरातील या तरुणाने ‘प्रभात’मध्ये पडेल ते काम केले. गोविंदराव टेंबे, मास्टर कृष्णराव आणि केशवराव भोळे यांच्या सान्निध्यात त्यांना रंगभूमीच्या संगीताचा वारसा लाभला. तथापि रंगभूमीवर पद सुरू झाले की नाट्य थांबते आणि प्रेक्षकही ते आनंदाने थांबू देतो. चित्रपटाला ही चैन परवडत नाही. ‘राजकमल’च्या ‘शकुंतला’पासून (१९४३) देसाईंची धडपड या अडचणीतून वाट काढण्याची आहे. ‘झनक झनक पायल बाजे’मध्ये (१९५५) ती पुरती सफल झालेली नाही, असे आम्हांस वाटते. तेथील अमीर खाँ यांचा अडाणा भारदस्त खरा, परंतु एकंदर संगीत नृत्याच्या वैभवाला वाहिलेले आहे.

‘दो आँखें बारह हाथ’मध्ये (१९५७) चित्र पालटते. खुनाची शिक्षा भोगणाऱ्या सहा बंदिवानांच्या या कथेतील प्रार्थना भैरवीच्या आधाराने बांधलेली आहे. पण चालीत तानेला वाव नाही, आणि न शिकलेल्या गळ्यालाही ती पेलते. रागाचे गांभीर्य राखून त्यातील पांडित्य काढून घेणे, हे सोपे काम नव्हे. ही प्रार्थना पुढे शाळाशाळांतून म्हटली गेली, त्याचे रहस्य बव्हंशी येथे आहे. (मैफलीच्या कसोटीने पाहणारास ही चाल ‘साधी’ वाटेल, तो दोष कसोटीचा.)

याच काळात जपानमध्ये फुमिओ हायासाका (१९१४–१९५५) हे अकिरा कुरोसावा यांच्या ‘राशोमोन’ (१९५०) आणि ‘सात सामुराई’ (१९५४) या चित्रपटांना संगीत देत होते. तेथे नायकनायिकांनी वरचेवर गाण्याची प्रथा नसल्याने संगीतकाराची पारख पार्श्वसंगीतावरूनच होई. देसाईंना अशी संधी क्वचित मिळाली. सुनील दत्त यांच्या ‘यादें’मध्ये (१९६४) पडद्यावर नट एकच, बाकीची माणसे आवाज, छाया आणि व्यंगचित्रे यांतून सूचित होतात. रिकाम्या घरातील एकटेपणाला साथ देण्याचे काम येथे संगीताकडे येते. ‘गुड्डी’तील (१९७१) मियाँमल्हाराची चर्चा पुष्कळ होते, ‘यादें’ची होत नाही.

गुलजार यांच्या ‘अचानक’मध्ये (१९७३) तर प्रचलित अर्थाने गीतेच नाहीत. पत्नीचा आणि मित्राचा खून केलेला सैनिक रुग्णालयात पडला आहे. डॉक्टर त्याला वाचवीत आहेत, ते फाशीसाठी. रुग्णशय्या आणि स्मृती यांमध्ये कथा सारखी ये-जा करते, आणि प्रेक्षकाची करुणा खुन्याकडे वळवावयाची, पण खुनाचे समर्थन होऊ द्यावयाचे नाही, असा हा पेच आहे. गीत असते तर ते बाजू घेऊन मोकळे झाले असते. येथे संगीतकाराला शब्दांचा आश्रय नाही.

गीतांच्या ध्वनिमुद्रिका घरोघर पोचल्या. या पार्श्वसंगीतासाठी मात्र चित्रपटापुढेच बसावे लागते, आणि तेही संवादांमागचे ऐकण्यासाठी पुन्हा पुन्हा.