तुणतुण्याची एक तार

मराठी शाहिरीवर आपल्याकडे पुष्कळ लिहिले गेले, पण ते बहुधा शब्दांवर. वाद्ये ‘साथीला’ या एका शब्दात उरकली जातात. आम्हाला ही समीक्षा अपुरी वाटते.

जुन्नर-आंबेगावच्या परिसरात हा अपुरेपणा विशेष खटकतो. नारायणगाव म्हणजे तमाशाची पंढरी. जत्रांच्या सुपाऱ्या इथल्या राहुट्यांत ठरतात. विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर यांनी गावाचे नाव महाराष्ट्रभर नेले. २००२ मध्ये त्या गेल्या. पारंपरिक फडाची वाद्ये पाहा : ढोलकी, हलगी, कडे, झांज आणि तुणतुणे. यांत तार एकट्या तुणतुण्याला, तीही एकच. पोकळ नळकांडे, तळाला कातडे, कातड्याच्या मध्यातून निघून वर काठीच्या खुंटीला ताणलेली तार. सुरत्या ती छेडतो तेव्हा गाणाऱ्याला सूर आणि ठेका एकदमच मिळतात.

वारकऱ्याच्या एकतारीला भोपळा असतो. तिचा नाद घुमतो, एकट्याच्या भजनालाही पुरतो. तुणतुण्याचा नाद तुटक आणि टणक. ढोलकीच्या गदारोळातूनही तो मैदानात ऐकू येतो. गोंधळात हेच तुणतुणे संबळाशेजारी उभे असते. यल्लम्माच्या जोगत्यांचे चौंडकेही कातड्याला बांधलेल्या तारेवरच बोलते. देव्हारे वेगळे, फड वेगळा. आवाज काढण्याची युक्ती एकच.

आता आपल्या घरचा प्रश्न. ‘शाहीर’, ‘तमाशा’, ‘डफ’ हे शब्द मुळात अरबी. सगनभाऊ शिकलगार मुसलमान. अमर शेख (१९१६-१९६९) यांनी डफावर महाराष्ट्र जागवला. आपले लेखक ही नावे अभिमानाने सांगतात आणि तिथेच थांबतात. ‘आम्हीही होतो’ असे पुरावे देत बसणे ही पाहुण्याची भाषा झाली. डफ-तुणतुण्याच्या ज्या परंपरेत सगनभाऊंची लावणी वाढली, त्यातले तुणतुणे गोंधळ्याचेही होते. त्या तारेपाशी कोणी पाहुणा नव्हता, कोणी यजमान नव्हता. हे नावांच्या यादीतून कळत नाही. चाल, झील आणि ध्रुपदाकडे परतणारा सूर ऐकल्यावरच कळते.

मोठ्या फडांत आता की-बोर्ड, ऑक्टोपॅड आले. त्याबद्दल आमची तक्रार नाही. फडाला पोट आहे. तक्रार समीक्षकांविषयी आहे. सगनभाऊंच्या लावण्यांचे यापुढे कोणी संपादन केले, तर शब्दांबरोबर चाली आणि वाद्येही नोंदवावीत. जुने सुरत्ये आहेत तोवर हे काम होईल. नंतर उरेल तो नुसता कागद.