वामनाचे तिसरे पाऊल आणि धातूचा प्राण

हैदराबादच्या सालारजंग वस्तुसंग्रहालयात एक जुने घड्याळ आहे. तास भरण्यास दोनतीन मिनिटे उरली की त्यातून एक दाढीवाला चिमुकला पुरुष बाहेर येतो, जितके वाजले असतील तितके टोले देतो आणि पुन्हा आत जातो. 1951 साली दिवाण देवडीत हे संग्रहालय खुले झाले आणि 1968 साली ते मुसीकाठच्या नव्या वास्तूत आले. त्या पुरुषाभोवती जमणारी गर्दी मात्र होती तशीच राहिली. आत चाके आणि कमानी आहेत हे त्या गर्दीत सर्वांनाच ठाऊक असते. तरीही तो दाराबाहेर येईपर्यंत चांगली शहाणीसुरती माणसे श्वास रोखून उभी असतात. धातूच्या अंगी चैतन्य असावे अशी माणसाला मनातून फार जुनी ओढ आहे, आणि तितकेच जुने भयही आहे.

मराठीत या ओढीचा आणि भयाचा गंभीर विचार करणारी कृती म्हणून डॉ. जयंत नारळीकर यांच्या ‘वामन परत न आला’ या कादंबरीचे नाव प्रथम घ्यावे लागते. 1974 साली ‘नारायण विनायक जगताप’ हे नाव धारण करून मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत उतरलेला हा शास्त्रज्ञ पुढे 2021 साली नाशिकच्या साहित्य संमेलनाचा अध्यक्ष झाला आणि मे 2025 मध्ये आपल्यातून गेला. त्यांच्या निधनानंतर ही कादंबरी पुन्हा वाचली.

कथासूत्र थोडक्यात असे. भूगर्भात पुरलेली एक पेटी सापडते. कोणा लुप्त, अतिप्रगत संस्कृतीचे ज्ञान तीत साठवलेले आहे. त्या ज्ञानाच्या बळावर आपले शास्त्रज्ञ ‘गुरू’ हा महासंगणक घडवितात, आणि त्यातून पुढे ‘वामन’ हा विचार करणारा यंत्रमानव जन्मास येतो. या वामनाला आपल्यासारखेच आणखी वामन निर्माण करण्याची वाट हवी आहे, आणि सारे संकट या एका मागणीत आहे. शेवट सांगणे उचित नव्हे. अर्थात शीर्षकाने तो अर्धा सांगूनच टाकला आहे.

नाव अत्यंत समर्पक आहे यात शंका नाही. बटूची मागणी लहान असते, तीन पावलांची. आणि ती मान्य होताच दात्याला उभे राहावयास जागा उरत नाही. शास्त्राच्या प्रत्येक सोयीला हे रूपक लागू पडते. परंतु नारळीकरांनी पुराणाची अर्धीच कथा उचलली, हा माझा मुख्य आक्षेप आहे. भागवताच्या अष्टम स्कंधात तिसऱ्या पावलासाठी बळी आपले मस्तक पुढे करतो, आणि कथा तेथे संपत नाही. सर्वस्व घेणारा तो वामन पुढे सुतलात बळीचा द्वारपाल होऊन राहतो. घेणारा देणाऱ्याच्या दारी बांधला जातो. दिवाळीच्या पाडव्याला आपल्या घरांतून आजही बळीच्याच राज्याची इच्छा बोलून दाखवितात, हे विसरून चालणार नाही. कादंबरीत बळी कोण? ज्यांनी ज्ञान दिले ते शास्त्रज्ञ. पण त्यांच्या आणि वामनाच्या मध्ये दान-ऋणाचा धागा कोठेच विणलेला दिसत नाही. त्या धातुमय जातीला स्मरण आहे, गणित आहे, वंशवृद्धीची इच्छा आहे. परंतु तिला सण आहे काय, मृतांचे दुःख आहे काय, उपकाराची जाणीव आहे काय, हे लेखक विचारीतच नाही. पोलिश लेखक स्टानिस्लाव लेम याने आपल्या ‘सायबेरिआड’मध्ये (1965) यंत्रांचे राजे, त्यांचे मत्सर, त्यांच्या फुशारक्या अशी आख्खी प्रजा रंगविली. विनोदाच्या आवरणाखाली का होईना, त्या प्रजेला संस्कृती आहे. आपला वामन एकाकी आहे, आणि एकाकी असल्यामुळेच तो राक्षस वाटतो.

हा प्रश्न मंदिराशी नाते असलेल्या वाचकाला अधिक जवळचा वाटावा. आयुर्वेदाने देहातील रस, रक्त, मांस, मेद, अस्थी, मज्जा आणि शुक्र यांना ‘सप्तधातू’ म्हटले. म्हणजे आपल्या भाषेत शरीर आणि तांबेपितळ यांच्यासाठी शब्द एकच आहे. पंचधातूची उत्सवमूर्ती घडते तेव्हा ती केवळ ओतीव काम असते. नेत्रोन्मीलन आणि प्राणप्रतिष्ठा झाल्यावर तिला पहाटे काकडआरतीने जागवावे लागते, स्नान घालावे लागते, नैवेद्य दाखवावा लागतो, रात्री शेजारती करून निजवावे लागते. गोव्यातील देवळांत पालखीतून निघालेली मूर्ती पाहणाऱ्यास हे समजावून सांगण्याची गरज नाही. धातूत प्राण आणणे म्हणजे आणणाऱ्याने जन्मभराची सेवा पत्करणे होय. ‘गुरू’ आणि ‘वामन’ घडविणाऱ्यांनी बुद्धी आणली, सेवा पत्करली नाही. किंबहुना सेवा त्यांना त्याच्याकडूनच घ्यावयाची होती.

येथे एका शब्दाची आठवण होते. ‘रोबो’ हा शब्द चेक नाटककार कारेल चापेक याच्या 1920 साली प्रसिद्ध झालेल्या ‘आर. यू. आर.’ या नाटकातून जगभर गेला. त्या भाषेत ‘रोबोटा’ म्हणजे वेठ. गमतीची गोष्ट अशी की चापेकचे ते मजूर धातूचे नव्हतेच. ते कृत्रिम मांसाचे होते. धातू मागाहून आला, वेठ आधीपासून होती. तेलंगणात राहणाऱ्यांस ‘वेट्टी’ हा शब्द समजावून द्यावा लागत नाही. आपली ‘वेठ’ आणि तेथील ‘वेट्टी’ दोन्ही संस्कृत ‘विष्टि’शी नाते सांगतात. निजामी राजवटीत देशमुखांच्या गढ्यांवर फुकट राबणाऱ्यांनी 1946 नंतर शस्त्र उचलले, तेव्हा गढीतल्यांनाही प्रथम तो राक्षसांचाच उठाव वाटला असला पाहिजे. वामनाच्या मागणीकडे या बाजूने पाहिले तर ती संकट राहत नाही, गाऱ्हाणे होते. नारळीकर या उंबरठ्यापाशी येतात आणि शास्त्रज्ञाच्या सावधगिरीने मागे फिरतात.

त्यांची सावधगिरी मात्र क्षुद्र नव्हे, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. 2023 साली केरळात त्रिशूर जिल्ह्यातील एका देवळात लोखंडी सांगाड्याचा यांत्रिक हत्ती उत्सवाला उभा करण्यात आला. जिवंत हत्तीची साखळी सुटली याचा आनंदच आहे. त्या यंत्राला भूक नाही, म्हणून त्याच्याविषयी कर्तव्यही नाही. पण उद्या एखाद्या यंत्राने आपल्याला भूक आहे असे म्हटले, तर ते खरे की शिकविलेले हे ओळखण्याचे साधन आपल्यापाशी नाही, आणि देवळाच्या पंचांपाशी तर नाहीच. नारळीकरांचे भय येथून येते. ते खोटे आहे असे म्हणण्याचे धाडस मी करणार नाही.

भाषेविषयी थोडे. निवेदन स्वच्छ, संवाद कामापुरते. पात्रे कल्पना वाहून नेण्यासाठी आहेत, राहण्यासाठी नाहीत. शास्त्रीय भाग मात्र इतक्या सुबोध मराठीत उतरला आहे की परिभाषेच्या नावाने बोटे मोडणाऱ्यांनी तो अवश्य पाहावा.

ज्यांना ही कादंबरी हाती घ्यावयाची आहे त्यांनी आधी भागवतातील बळीचे आख्यान एकदा नजरेखालून घालावे. माझे पहिले वाचन तसे झाले नव्हते, दुसरे झाले. आणि ज्या प्रसंगी पूर्वी मला वामनाचे भय वाटले होते, त्याच प्रसंगी या खेपेस त्याची कीव आली.