‘फँड्री’तला शेवटचा दगड

प्रेक्षकाला चित्रपटात सहभागी करून घेण्याचे प्रयोग जगात अनेक झाले. त्यांतील एक गाजलेला प्रयोग चेकोस्लोव्हाकियाने १९६७ साली माँट्रियलच्या जागतिक प्रदर्शनात सादर केला. ‘किनोऑटोमॅट’ हे त्याचे नाव. चित्रगृहात १२७ आसने होती आणि प्रत्येक आसनाला एक हिरवे व एक लाल बटण होते. मोक्याच्या क्षणी चित्रपट थांबे, नायकाचे काम करणारा मिरोस्लाव्ह होर्निचेक हा नट स्वतः पडद्यासमोर येई आणि पुढे काय व्हावे याबद्दल प्रेक्षकांचा कौल घेई. बहुमताप्रमाणे पुढचा भाग दाखविला जाई. गंमत अशी की, कौल काहीही पडो, घराला आग लागायची ती लागेच! प्रेक्षकाच्या हाती सत्ता देणारा नट ती सत्ता पोकळ असल्याचेही सुचवीत होता. प्रयोग चतुर खराच. परंतु बटण दाबून घरी गेलेल्या माणसाचे त्यात काही अडकून राहत नसावे, असे आम्हांस वाटते.

बटण नाही, कौल नाही, तरीही प्रेक्षकाला गचांडी धरून आत ओढणारा चित्रपट मराठीत झाला. नागराज मंजुळे यांचा ‘फँड्री’ २०१४ साली चित्रगृहांत आला. डुकरे पकडण्याचे काम ज्यांच्या माथी मारलेले आहे, अशा कैकाडी कुटुंबातील जब्या या शाळकरी मुलाची ही कथा. ‘फँड्री’ म्हणजे कैकाडी बोलीत डुक्कर. भोर व वेल्हे भागांतील वाड्यावस्त्यांवरून आलेल्या काही कुटुंबांना आम्ही हा चित्रपट भोरमध्ये एका संध्याकाळी दाखविला. भोरकरांना सिनेमाचे अप्रूप उरलेले नाही. राजवाड्यात आजवर कितीतरी चित्रीकरणे झाली. बघ्यांच्या गर्दीत कसे उभे राहावे, हे येथील लोकांना चांगले ठाऊक आहे. तेच त्या संध्याकाळी उपयोगी पडले म्हणायचे!

चित्रपटात डुक्कर पकडण्याचा दीर्घ प्रसंग आहे. बाप, आई, बहिणी आणि जब्या डुकरामागे धावतात. गावातली पोरे कट्ट्यावर बसून खिदळतात. आमची मंडळीही हसली. आम्हीही हसलो. इतक्यात शाळेतून राष्ट्रगीत ऐकू येते. जब्या जागच्या जागी ताठ उभा राहतो, मग घरची माणसे थांबतात आणि डुक्कर निसटते. आमच्यातले तिघेचौघे उठून उभे राहिले, बाकीचे एकमेकांकडे पाहू लागले. सर्वोच्च न्यायालयाने २०१६ साली चित्रगृहांत राष्ट्रगीत सक्तीचे केले, कथानकात ते वाजल्यास उभे राहण्याची आवश्यकता नाही असा खुलासा २०१७ साली केला आणि २०१८ साली ती सक्ती मागे घेतली. न्यायालयाला खुलासा करावा लागला, यातच या गोष्टीचे अवघडपण आले. उभे राहावे की बसावे, हा निर्णय येथे बोटाने नव्हे, अंगाने घ्यावा लागतो.

आणि मग शेवट. डिवचला गेलेला जब्या दगड भिरकावू लागतो. अखेरचा दगड थेट आपल्या दिशेने येतो आणि पडदा काळा होतो. इतका वेळ आपण कोठे बसलो होतो, हे तेव्हा कळते. आपण कट्ट्यावर होतो.

हा दगड मारणारा सोमनाथ अवघडे हा करमाळा तालुक्यातील केम गावचा, हलगी वाजविणारा मुलगा. अभिनयाचे शिक्षण नाही, पूर्वीची भूमिका नाही. उत्कृष्ट बालकलाकाराचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला. किशोर कदम यांनी केलेला बाप अधिक घडविलेला, अधिक जाणता आहे; वाकलेल्या पाठीचे ते काम उच्च प्रतीचेच. परंतु शेवटचा दगड त्यांच्या हातून शोभला नसता. होर्निचेक हसतमुखाने पुढे येऊन आर्जव करतो, कारण त्याला प्रेक्षक हवा आहे. जब्याला प्रेक्षक नकोच आहे. त्याची नजर दाद मागत नाही, करुणाही मागत नाही. नटाने प्रेक्षकाशी लाघव सोडले की सहभाग सुरू होतो, असे त्या मुलाचे काम पाहून आमचे मत झाले. (काळ्या चिमणीचे रूपक मात्र आम्हांस जरा ताणलेले वाटले.)

आपल्या वाचकांना हे नवे वाटू नये. १९६३ साली व्हॅटिकन महासभेने उपासनेविषयीच्या दस्तऐवजात, भाविकांनी मिस्साला मूक प्रेक्षक होऊन बसू नये, अशी अपेक्षा व्यक्त केली. झावळ्यांच्या रविवारी प्रभूच्या दुःखसहनाचे वाचन होते, तेव्हा जमावाचे शब्द बाकांवरून येतात. धर्मगुरू म्हणून प्रभूचे शब्द आमच्या वाट्याला येतात. ते म्हणणे सोपे. क्रूसाची मागणी करणारी वाक्ये घरच्या माणसांसमवेत मोठ्याने म्हणणे कठीण. बहुतेकजण ती पुटपुटतात. आम्ही आजवर ‘जरा मोठ्याने म्हणा’ एवढेच सांगत आलो.

चित्रपटानंतर आम्ही विचारले, “दगड कोणाला लागला?” एक तरुण चटकन म्हणाला, “त्या गावातल्या पोरांना.” वेल्ह्याकडच्या एक आजी म्हणाल्या, “फादर, तो आपल्याकडं बघत होता की.” पुढे कोणी बोलेना. मग चहा आला. बाप्तिस्मा होऊन पिढ्या लोटल्या तरी आपल्यात कोण कोणत्या वाड्याचा, हे सर्वांना पाठ असते. पेले नेहमीप्रमाणे दोन घोळक्यांत फिरले. एक दाराशी, एक खिडकीपाशी. आम्हांला खिडकीपाशी खुर्ची मांडून दिली होती, आणि आम्ही तीवर बसून चहा घेतला.