जाणीव कोणाला करून द्यायची?

सामाजिक अनुबोधपटाची स्तुती करताना आमचे समीक्षक एक ठरीव वाक्य लिहितात : 'या चित्रपटाने समाजाला जाणीव करून दिली.' हा समाज म्हणजे कोण? ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निषेधाला जमलेल्यांवर राज्य राखीव पोलिसांनी गोळ्या झाडल्या, दहा माणसे मेली. त्या वस्तीला याची जाणीव कोणत्या कॅमेऱ्याने करून द्यायची?

आनंद पटवर्धनांचा 'जय भीम कॉम्रेड' (२०११) याच प्रश्नावर तपासला पाहिजे. गोळीबारानंतर चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. लाल झेंड्याच्या चळवळीत गायलेल्या या शाहिराने मरताना डोक्याला निळे फडके बांधले होते. त्या फडक्याचा अर्थ शोधत दिग्दर्शक चौदा वर्षे वस्त्यांतून हिंडला. शाहिरी त्याने तोंडी लावायला घेतलेली नाही. गाणारा माणूस येथे विचार मांडताना दिसतो.

जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता म्हणून गोळ्या झाडल्या, असे पोलिसांचे म्हणणे. चित्रपट हा दावा साक्षीदाराच्या चिकाटीने तपासतो. गोळीबार असमर्थनीय होता, असेच गुंडेवार आयोगानेही म्हटले. २००९ मध्ये संबंधित अधिकाऱ्याला जन्मठेप झाली, पुढे तो जामिनावर बाहेर आला! बातमीची स्मृती आठ दिवसांची. अशा खटल्यांना चौदा वर्षे जागा राहणारा कॅमेराच लागतो.

एक गोष्ट मात्र खटकते. घोगऱ्यांना त्यांच्याच संघटनेने दूर केले होते. चित्रपट ते लपवीत नाही. पण पोलिसांची उलटतपासणी जितकी कठोर, तितकी जातीला दुय्यम मानणाऱ्या डाव्या नेतृत्वाची नाही. येथे दिग्दर्शकाचा आवाज घरच्या माणसाशी बोलावे तसा मवाळ होतो.

जानेवारी २०१२ मध्ये हा चित्रपट भायखळ्याच्या बी.आय.टी. चाळीत दाखवला गेला, हे योग्यच झाले. परंतु त्याची खरी गरज दुसरीकडे आहे. बाबासाहेबांविषयी आणि सहा डिसेंबरच्या गर्दीविषयी मुंबईतील पांढरपेशी माणसे त्यात निःसंकोच बोलतात. वर्गात हा भाग लागला की आमच्या वस्त्यांतून आलेली मुले हसू लागतात. पुढच्या बाकांवरची मुले मात्र पडद्याकडे न बघता एकमेकांकडे बघतात.