उलटलेल्या भूमिका : ॲलिस गी यांचा एक मूकपट

१९०६ साली फ्रान्समधील गोमाँ कंपनीने ‘स्त्रीवादाचे परिणाम’ या अर्थाच्या शीर्षकाचा, सुमारे सात मिनिटांचा विनोदी मूकपट काढला. दिग्दर्शिका ॲलिस गी या प्रथम गोमाँ यांच्याकडे सचिव म्हणून नोकरीस लागल्या व पुढे कंपनीच्या चित्रनिर्मितीच्या प्रमुख झाल्या. नोकरदार स्त्रीची ही कृती आहे, हे ध्यानात ठेवूनच ती पाहावयास हवी.

कथानक साधे आहे. पुरुष टोप्या सजवतात, इस्त्री करतात, मुले सांभाळतात. स्त्रिया धूम्रपान करतात, कॅफेत मद्य घेतात. टोपीचा डबा घेऊन कामासाठी निघालेल्या तरुणाला वाटेत एक स्त्री गाठते. पुढे बागेतील बाकावरही त्याच्याशी लगट होते. तो अंग चोरतो, तरी आग्रह थांबत नाही. अखेरीस पुरुष बंड करतात, स्त्रियांना कॅफेतून हुसकावतात आणि स्वतः पेले उंचावतात.

येथे वेश बदललेले नाहीत, केवळ वर्तन बदलले आहे. त्यामुळे एरवी ‘प्रेमचेष्टा’ म्हणून खपणारे वर्तन उघडे पडते. कामासाठी घराबाहेर पडणे हीच जणू संमती, हे गृहीतक पुरुषाच्या वाट्याला येताच हास्यास्पद ठरते.

शेवट पुरुषांच्या विजयाचा असल्याने चित्रपट स्त्रीवादाचीच टर उडवतो, असा आक्षेप घेता येईल. परंतु जी स्थिती पुरुषांना सात मिनिटेही सोसवत नाही, ती स्त्रियांची नित्याची होती. फ्रान्समध्ये विवाहित स्त्रीला स्वतःच्या वेतनावर अधिकार १९०७ च्या कायद्याने मिळाला, तर स्त्रियांना मताधिकार १९४४ साली. पडद्यावरचे बंड न्याय्य वाटत असेल, तर पडद्याबाहेरचे अन्याय्य कसे ठरवावे?

खरी उणीव अन्यत्र आहे. तरुणाचा नकार लाजऱ्या नखऱ्यांतून दाखवला आहे. त्यामुळे ‘नाही’ म्हणजे लटका विरोध, हा जुना समज अबाधित राहतो. त्रास देणारीला हसता हसता प्रेक्षक त्रास सोसणाऱ्यालाही हसतो.

वर्गात हा मूकपट दाखवताना म्हणूनच केवळ अदलाबदलीची गंमत सांगून थांबू नये. आपण नेमके कोठे हसलो आणि कोणाला हसलो, हे विद्यार्थ्यांना विचारावे. खरी चर्चा त्या उत्तरांपासून सुरू होईल.