पॉर्फिरीची गुहा आणि आपली घारापुरी

तिसऱ्या शतकातला नवप्लेटोवादी पॉर्फिरी ‘स्टिक्स’ नदीवरच्या ग्रंथात एका भारतीय गुहेचे वर्णन देतो. आत दहा-बारा हात उंच मूर्ती. उजवे अंग पुरुषाचे, डावे स्त्रीचे. माहिती एडेसाच्या बार्दैसानची, आणि त्याला ती भारतीय वकिलांनी सांगितलेली. वाचताच मला घारापुरीचा अर्धनारीश्वर आठवला. पनवेलकराला दुसरे काय आठवणार? एका व्याख्यानात मी तसे ठोकूनही दिले होते. ते चूक होते. घारापुरीचे लेणे सहाव्या शतकातले. शिवाय तिथला चतुर्भुज शिव नंदीवर रेललेला. पॉर्फिरीच्या मूर्तीचे हात क्रुसासारखे पसरलेले, छातीवर उजवीकडे सूर्य, डावीकडे चंद्र.

खरी मेख पुढे आहे. सृष्टी घडवताना देवाने पुत्राला ही मूर्ती डोळ्यांना दिसणारा नमुना म्हणून दिली, असे तिथे म्हटले आहे. हा ‘नमुना’ थेट प्लेटोच्या ‘तिमायस’मधला. वकील काहीही बोलले असोत, कागदावर उतरेपर्यंत अर्धनारी ग्रीक झाली होती.

मूर्तीला घाम येतो आणि ब्राह्मण तिला वारा घालतात, हेही तिथेच आहे. घाम फुटणाऱ्या मूर्ती रोमन जगातही होत्या. पण पंखा हातात घेतलेला पुजारी मला आपल्या गाभाऱ्यातलाच वाटतो.