हसायचं कुणाला?

अलीकडच्या मराठी विनोदी चित्रपटांत खेडूत आला की संताप होतो. 'ण'चा 'न' करून बोलायचं, गॉगलवाल्या सरपंचानं धडपडायचं आणि शहरी प्रेक्षकानं त्यांच्या बोलीला खिदळायचं. याला उपहास म्हणतात? ही सरळ टिंगल आहे, तीही दुबळ्याची. उमेश कुलकर्णींचा 'देऊळ' (२०११) आजही ताजा वाटतो, कारण त्यात असं एकही हसू नाही.

श्रावणी सोमवारी मंचर, घोडेगाव, डिंभे करत भीमाशंकरला निघालेल्या माणसाला 'देऊळ'मधलं मांगरूळ ओळखायला वेळ लागत नाही. पार्किंग, प्रसादाची दुकानं, पुढाऱ्यांचे फ्लेक्स, सगळं तिथलंच. पण गिरीश कुलकर्णींच्या पटकथेचं मोल या ओळखीपलीकडचं आहे. गुराखी केशाला औदुंबराखाली दत्त दिसतो. त्याच्या भक्तीची चेष्टा चित्रपट एकदाही करत नाही. चेष्टा होते ती त्या भक्तीवर ज्यांचे हात ओले होतात त्यांची. गावपुढारी भाऊ (नाना पाटेकर) खलनायक नाहीत. त्यांनाही आधी गावात देवळाऐवजी दवाखानाच हवा असतो. पण तरुण पोरं, बायका, वर्तमानपत्र, आमदार सगळे देवळाकडे झुकले की ते हिशेब बदलतात. विचारी अण्णा (दिलीप प्रभावळकर) गाव सोडतात. मला तर अण्णांचं हे निघून जाणंच चित्रपटातला सगळ्यात कठोर फटका वाटतो, कारण तो थेट आपल्यासारख्या सुशिक्षितांना बसतो. राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, ठीक. त्याहून मोठी गोष्ट म्हणजे कुठलंच देवस्थान हा चित्रपट जुना होऊ देत नाही.

उमेश-गिरीश कुलकर्णी याच जोडीचा 'वळू' (२००८) याच जातीचा: एक मोकाट बैल, एक फॉरेस्ट अधिकारी आणि स्वतःची भांडणं बैलाच्या अंगावर टाकणारं गाव. 'गल्लीत गोंधळ दिल्लीत मुजरा' चिमटे काढतो, वळ उठत नाही. दादा कोंडके 'सोंगाड्या'त (१९७१) ऐन भरात होते. पुढे द्व्यर्थानं सगळं गिळलं.

'देऊळ'वर लिहिताना आपले समीक्षक लगेच इराण-युरोपच्या सिनेमाकडे बोट दाखवतात. मला हे मुळीच मान्य नाही; या उपहासाचं मूळ इथंच आहे, तमाशात. मंचरहून थोडं उत्तरेला नारायणगाव आहे, तमासगीर विठाबाईंचं नारायणगाव. गण-गवळण झाली की बतावणी आणि वगात सोंगाड्या राजाला, प्रधानाला, पाटलाला भर मांडवात उलटे प्रश्न विचारतो, आणि पाटील पुढच्याच रांगेत बसलेला असतो. वरच्याला हसण्याची ही रीत आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या तमासगिरांनी सांभाळली. त्यांना अश्लील म्हणून हिणवणाऱ्या मध्यमवर्गानंच आज खेडुताच्या बोलीवर हशे वसूल करणारा सिनेमा डोक्यावर घेतला आहे. त्यात कंत्राट कुणाला, जमीन कुणाची, निधी कुठं मुरला, यातलं काहीच नसतं. पैशाचा माग सोडला की उपहासाचा कणाच जातो. प्रेक्षकाला हलकंफुलकंच हवं असतं, असं निर्माते सांगतात. 'देऊळ'च्या प्रेक्षकांनी ते कधीच खोटं ठरवलं आहे.

नव्या पटकथाकारांनो, गुढीपाडव्याच्या सुमारास नारायणगावच्या तमाशाच्या राहुट्यांत येऊन बसा. जत्रेच्या कमिट्या फडाची सुपारी कशी ठरवतात, कोण किती घासाघीस करतं, ते ऐका आणि मग खेडं लिहा.